चप्पल शोधताना

शुक्रवार, संध्याकाळी साडेसात

घरी मीटिंगची थाप मारून एकटाच सिनेमाला गेलो. तीच मारामारी, तीच गाणी. पण शेवटी ताटातूट झालेले भाऊ भेटले आणि मी ढसाढसा रडलो. या वयात! पुढच्या रांगेतही कुणीतरी नाक ओढत होतं. दिवे लागले, तो वळला. बाळू. माझा धाकटा भाऊ. मार्केट यार्डातल्या गाळ्यावरून भांडलो, त्याला सहा वर्षं झाली, तेव्हापासून अबोला. मी झटकन वाकून चप्पल शोधायला लागलो. किती वेळ शोधावी माणसानं?

"दादा, चप्पल पायातच आहे तुझ्या," तो म्हणाला. आवाज अजून रडवेलाच होता.

तरी मी वाकलेलाच राहिलो. तो जाईपर्यंत.