खिडकीतला म्हातारा

४ मार्च
लेकाच्या घरी कायमचा आलो. खोली उजेडाची, टेबल खिडकीला लागून. सूनबाई म्हणाल्या, बाबा, आता खुशाल कविता म्हणत बसा, फक्त माझ्याकडून पाठ करून घेऊ नका! शिवाय एक मेजवानी : लेकानं घरच्या जुन्या व्हिडिओ कॅसेटी दुकानात देऊन कॉम्प्युटरवर उतरवून घेतल्यात. तीस वर्षांपूर्वीचं आमचं स्वयंपाकघर, ही, आणि हिच्या पदराला लोंबणारा चार वर्षांचा लेक. मी चित्रात कुठेच नसणार; कॅमेरा कायम माझ्या हाती. मी आहे तो आवाजात. मागून शाळेतल्या कविता म्हणणारा. आणि ही वैतागून म्हणणार, पुरे, मास्तर, पुरे, दूध उतू चाललंय.

५ मार्च
माझा आवाजच नाही! दुकानदारानं खरखर घालवायची म्हणून सगळा आवाज पुसला आणि वर बासरी चिकटवली. बासरी! लेक म्हणतो, बाबा, चित्र स्वच्छ आलंय ना, मग झालं तर. मूळ कॅसेटी? भंगारात. म्हणजे हिचं ते ‘पुरे, मास्तर’सुद्धा भंगारात. ती गेल्यावर माझ्याकडे तेवढंच तर उरलं होतं. मी पडद्यावर ओरडलो, टेबलावर मूठ आपटली.
आणि चित्रातली ही दचकली. खिडकीकडे बघू लागली.

७ मार्च
पुन्हा लावलं, पुन्हा तळपायाची आग मस्तकात गेली. आता त्या खिडकीबाहेर कुणीतरी उभं आहे. परवा नव्हतं. लेकाला दाखवलं तर पांढराफटक पडला. म्हणाला, बंद करा, लहानपणी स्वप्नात येऊन मला झोपेतून उठवणारा म्हातारा हाच.

८ मार्च
जवळून बघितलं. चष्म्याच्या काडीला दोरा बांधलेला, माझ्यासारखाच. मूठ वळलेली. हा मीच, आजचा — माझ्याच घराबाहेर. आणि चित्रातला लेक हिच्या पदरात तोंड खुपसून रडतोय. मला बघून! मेल्या दुकानदारा, तुझं —

९ मार्च, सकाळ
आठवलं. तेव्हा, त्या घरी, एक म्हातारा आला होता खरा. चष्म्याला दोरा. मी कॅमेरा ओट्यावर ठेवला, दाराचा अडसर उचलला, बाहेर गेलो. हिनं किती हाका मारल्या. पुढचं मी कुणाला सांगितलं नाही. परसातली विहीर महिन्याभरात बुजवून घेतली.

दुपार
नको म्हणत लावलंच. राग आवरायला हवा होता. तेव्हाही, आताही —
बासरी थांबली.
कॅमेरा ओट्यावर. चौकटीत पहिल्यांदाच मी. तिशीतला. हातात अडसर. दाराबाहेर निघाला —
हिचा आवाज! ऐकू येतोय, तिचाच — पुरे, मास्तर, पुरे —
माझ्या खोलीची कडी