तांब्यातला गुरुवार

सोमवार, ३ नोव्हेंबर

आज आलं ते — मिक्सरची भांडी दोन (झाकणं नाहीत), छत्री एक, चपला सात, सगळ्या डाव्या पायाच्या!, तांब्याचा तांब्या एक, लाल फडक्यात बांधलेली पोथी एक. अख्ख्या खोक्याचे तीनशे रुपये. हे टेम्पो घेऊन दापोड्याच्या गोदामावर असतात. तिथे कुणी न सोडवलेली पार्सलं किलोवर विकतात. "स्वस्तात पडलं," म्हणे. डावे पाय सात! छत्री चांगली आहे पण.

बुधवार, ५ नोव्हेंबर

पोथी उघडली. नाव 'घटिकासुवर्ण'. फार जुनी, पान हातात घेतलं की तुकडा पडतो. वेळ कसा साठवावा, तांब्याचं सोनं कसं करावं, असलं सगळं. पारा, गंधक, हिंगूळ सांगणारी पानं सोडून दिली — परवडायची नाहीत. एक पान मात्र बिनखर्चाचं निघालं!

वाट पाहतां जें सरे । तें तांबें जाण निर्धारें ।
तेंचि सांठवितां आदरें । सुवर्ण होय ॥

म्हणजे वाट बघण्यात जो वेळ फुकट जातो, ते तांबं. तांब्या मांडीवर घ्यायचा, देवाचं नाव घेत वाट बघायची. तो बुडापासून सोनेरी होत जातो. गळ्यापर्यंत झाला की शुभ दिवशी पाणी भरून घरात मांडायचा. साठलेला सगळा वेळ त्या दिवसाला जोडला जातो.

भाविकाला वाचून दाखवलं. हसायलाच लागली. "आई, असं असतं तर रेशनच्या लायनीतल्या बायका शेठाणी झाल्या असत्या!"

अठ्ठावीसला लेक जर्मनीला चालली, नर्सच्या नोकरीवर. दिवसभर कागदपत्रं, संध्याकाळी कल्याणला भाषेचा क्लास. माझ्याजवळ दहा मिनिटं बसत नाही. मला सोनं नको. तिच्याबरोबरचा एक मोठा दिवस पाहिजे.

शनिवार, ८ नोव्हेंबर

संकष्टी. हे सगळं पाप तर नाही ना? गावदेवीला कौल लावला. उजवी पाकळी पडली! झालं तर मग. चंद्र उगवायची वाट बघत तांब्या घेऊन गच्चीवर बसले. नेमके ढग! खाली येऊन बघते तर बुडाला पिवळी रेघ. चिंचेनं घासला म्हणून असेल का?

मंगळवार, ११ नोव्हेंबर

नळाची वाट. गॅसवाल्याची वाट. यांची वाट — टेम्पो कोन गावाजवळ ट्रॅफिकमध्ये. जन्मात पहिल्यांदा ट्रॅफिकचा आनंद झाला!

रेशनच्या लायनीत शेजारची सरला मोठ्यानं, "वहिनी, तांब्या घेऊन? मला वाटलं भलतीकडेच निघाल्या!" सगळी लाईन हसली. मीसुद्धा.

चार बोटं सोनेरी.

सोमवार, १७ नोव्हेंबर

भाविका आजही उशिरा. "बस चुकली." रोजच कशी चुकते? म्हटलं, अकरा दिवस राहिलेत, लवकर येत जा गं. तर म्हणे, "मला कधी एकदा जाते असं झालंय!"

आमटीत मीठ दोनदा पडलं.

संध्याकाळी तांब्या शोधून शोधून दमले. रात्री बघते तर फडताळात! माझंच डोकं ठिकाणावर नाही.

मंगळवार, २५ नोव्हेंबर

तांब्या निम्माच झालाय. आणि नळ वेळेवर, गॅस वेळेवर, हेसुद्धा वेळेवर! देवा, एरवी कधी असं करत नाहीस.

गुरुवार, २७ नोव्हेंबर

मार्गशीर्षातला पहिला गुरुवार. घटासाठी तांब्या धुवायला काढला — गळ्यापर्यंत सोनेरी! निम्मा होता तो! लक्ष्मीचीच कृपा. पाणी भरलं, सुपारी, नाणं, पाच पानं, वर नारळ. मांडला.

आणि काय सांगू! भाविकाच्या डोक्याला तेल घातलं, बॅग भरली, लोणच्याची बरणी बसेना म्हणून सगळी उपसली, पुन्हा भरली. जुने फोटो काढले. पत्ते खेळलो, ती हरली, भांडली, पुन्हा खेळलो. मी एक झोप काढून उठले — ऊन खिडकीत तिथल्या तिथे! घड्याळात दोन!

पण मी एक बावळट. उपवासाच्याच दिवशी दिवस लांबवला! गुरुवार सोडायचा संध्याकाळी, आणि संध्याकाळ होतेय कुठे! केळी संपली, शेंगदाणे संपले. भाविका पोट धरून, "आई, त्या सूर्याला खाली ओढ गं!" हे आले, घड्याळाकडे बघतच राहिले. "तीन फेऱ्या मारल्या न् अजून दोनच? भूक तर पार सातची हाय!" हसून हसून डोळ्यांत पाणी आलं.

मग ती माझ्या मांडीवर डोकं ठेवून पडली. ऊन तसंच होतं.

एवढ्या उशिरानं संध्याकाळ झाली, की खिरीला काय चव!

शुक्रवार, २८ नोव्हेंबर

गेली. रडले नाही. घटाचं पाणी तुळशीला घातलं. तांब्या पुन्हा तांबडा.

सोमवार, १ डिसेंबर

सरला सांगून गेली — "वहिनी, तुमची पोरगी पण तुमच्यावरच गेली! कोनच्या नाक्यावर मांडीवर तांब्या घेऊन बसायची. माझ्यादेखत दोन बसी सोडल्या तिनं. विचारलं तर म्हणते, 'आईला सांगू नको काकी, मला अजून थोडी वाट बघायचीय.'"

बाय माझी! फोनवर तू नुसतं 'बरं आहे' म्हणतेस. कागदावर लिही, उलट टपाली कळव. पत्राला महिना लागला तरी लागू दे. तांब्या घेऊनच बसलेय.