तेविसावा कार्यक्रम

मी, खाली सही करणारा, वय वर्षे एकोणसत्तर, व्यवसाय ड्रमवादन, हे मृत्युपत्र माझ्या राहत्या घरी स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी बसून स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझी बुद्धी ठिकाणावर आहे. तसा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. मी नशेत नाही, दारू सोडून सव्वीस वर्षे झाली. कोणी मला धाक दाखवलेला नाही की गळ घातलेली नाही. सतरा ऑक्टोबरला, बुधवारी, माझ्या हृदयाची एक झडप बदलणार आहेत. काळजी करू नका, असे डॉक्टर म्हणाले. मला काळजी वाटत नाही. गेली चार वर्षे मला फारसे काहीच वाटलेले नाही, पण हे त्यांना सांगितले नाही, कारण त्यांनी विचारले नाही.

याआधी मी एक मृत्युपत्र केले होते. त्यात सगळे पत्नीला दिले होते. ते रद्द समजावे.

कलम १. घर. खाली चष्म्याचे दुकान आणि वर तीन खोल्या, अशी ही इमारत पत्नीने स्वतःच्या कमाईतून घेतली. तेव्हा मी बँडबरोबर बसमधून गावोगाव हिंडत होतो आणि मला वाटत होते की घर मी चालवतो. कागदावर तिने माझेही नाव घातले. वरच्या तिन्ही खोल्या मी माझ्या एकुलत्या एक लेकीला देतो. न्हाणीघराचा नळ घट्ट पिळला तर जास्त गळतो, हे तिला माहीत आहे.

कलम २. दुकान, त्यातली यंत्रे आणि नंबर तपासायच्या भिंगांची लाकडी पेटी दुकानातल्या बाईंना द्यावी. त्या एकवीस वर्षे पत्नीच्या हाताखाली होत्या आणि ती गेल्यावर दुकान त्यांनीच चालवले. दरवर्षी त्या माझे डोळे तपासतात. अक्षरे वाचायला लावतात, त्यापलीकडे एक शब्द विचारत नाहीत. पत्नीच्या नावाची पाटी ठेवायची की काढायची हे त्यांनी ठरवावे.

कलम ३. माझे लाल ड्रम, म्हणजे पहिले, एका बंद पडलेल्या नाचघरातून जुने घेतलेले, माझा मित्र आणि आमच्या बँडचा गिटारवादक लंबू याला द्यावेत. ते चार मजले चढवताना त्याच्या पायाचे नख गेले होते आणि ते मी त्याला पुरेसे मानले नाही.

गायकाला मी ठेका धरायचे ते यंत्र देतो. आमच्या बाराव्या वर्षी दोन अल्बमांवर त्याने माझ्याऐवजी ते यंत्र वाजवून घेतले, का तर म्हणे माझ्या हातात आता नवेपणा नाही. पुढे ते मी स्टुडिओतून उचलून आणले. चोरीच म्हणा. यंत्र चालू स्थितीत आहे. त्याने ते उशाशी ठेवावे. एरवी त्याच्यावर माझा राग नाही. चाळीस वर्षे मी त्याची पाठ पाहत आलो. त्याला टक्कल पडू लागले हे त्याच्या आधी मला कळले आणि मी ते कोणाला सांगितले नाही.

कलम ४. काड्या, झांजा, पाच भरलेले पासपोर्ट, कातडी जाकीट, कुठल्या कुठल्या संस्थांनी दिलेली मानचिन्हे. लेकीने हवे ते ठेवावे, बाकी वाटून टाकावे. मानचिन्हे जड आहेत, उचलताना कंबर सांभाळावी.

कलम ५. चाळिसाव्या वर्षाच्या दौऱ्यातील ध्वनिमुद्रण. या अल्बमवरचे माझे सगळे हक्क लेकीला देतो. तो विक्रीत ठेवावा की काढावा हे तिने ठरवावे. कारण पुढे लिहितो.

बँडला चाळीस वर्षे झाली म्हणून आम्ही नऊ महिन्यांचा जगभर दौरा काढला. एकसष्ट कार्यक्रम. आमच्यातला बेसवाला आधीच गेला होता, त्याच्या जागी पगारावर एक घेतला. सोबत दोन डॉक्टर, एक गायकाच्या घशासाठी, एक आमच्या सगळ्यांच्या पाठींसाठी. प्रत्येक शहरात खोली तीच वाटे. आरशाभोवती दिवे, खुर्च्यांवर टॉवेल, कोणी न खाल्लेली फळे. एकदा गायकाने भलत्याच शहराचे नाव घेऊन लोकांना नमस्कार केला, तेव्हापासून त्याच्या पायाशी शहराचे नाव लिहिलेला कागद चिकटवू लागले. ते काम आमच्या व्यवस्थापक बाईंचे. त्यांना आम्ही घड्याळबाई म्हणत असू. वयाने माझ्याहून बारा वर्षांनी लहान, मला दादा म्हणायची. मी तिला अगंतुगं करतो, म्हणून इथेही तसेच लिहितो. सत्तावीस वर्षांत आमचा एकही कार्यक्रम उशिरा सुरू झाला नाही तो तिच्यामुळे.

लोक आपल्या मोठ्या झालेल्या मुलांना घेऊन येत. तिसऱ्या गाण्याला रडत. मी त्यांच्यासाठी वाजवतो असे मुलाखतीत सांगत असे.

दौऱ्याच्या दोन महिने आधी पत्नीच्या स्वादुपिंडाचा आजार निघाला. मी राहतो म्हणालो. ती म्हणाली, "जा तू. इथे बसून माझ्याकडे बघत राहशील, मला ते सहन व्हायचं नाही." मी आणखी एकदा राहतो म्हणायला हवे होते. म्हणालो नाही. बॅग भरली.

तेविसाव्या कार्यक्रमाच्या दिवशी दुपारी आम्ही रिकाम्या स्टेडियममध्ये आवाज जुळवत होतो. माझा फोन बंद होता. लेकीने हॉस्पिटलमधून घड्याळबाईला फोन केला. त्याच संध्याकाळी आम्ही वाजवले. तोच कार्यक्रम पुढे अल्बम म्हणून निघाला. जाणकारांनी लिहिले की इतक्या वर्षांत माझा हात असा कधी लागला नव्हता. ते खरे आहे. मी ऐकून पाहिले. एक ठोका इकडचा तिकडे नाही. पाचवे गाणे चालू असताना पत्नी गेली. दोन्ही ठिकाणच्या वेळांचा हिशेब मी नंतर केला.

कलम ६. हे कलम मालमत्तेचे नाही.

माझी लेक गेली चार वर्षे असे समजून आहे की तिचा निरोप घड्याळबाईने माझ्यापासून लपवला आणि कार्यक्रम संपल्यावर मला सांगितला. गायक आणि लंबूही असेच समजतात. दौरा संपताच घड्याळबाईला काढून टाकण्यात आले. आता ती एका शाळेच्या सभागृहाची व्यवस्था पाहते, खुर्च्या मांडून घेते.

घडले ते असे. तीन वाजून दहा मिनिटांनी घड्याळबाई मंचाच्या पायऱ्या चढून माझ्यापाशी आली. कधी धावत नसे, तेव्हाही धावली नाही. म्हणाली, "दादा, घरून फोन होता. वहिनींना दोन दिवस सांगितलेत, कदाचित कमी. सहाचं विमान आहे. मी जागा धरून ठेवलीय. कार्यक्रम रद्द करायचं मी बघते."

मी म्हणालो, "नको. आजचा करतो, उद्या निघतो. मला तू सांगितलंच नाहीस, असं समज."

तिने फोन खिशात ठेवला. मग म्हणाली, "तुम्ही म्हणाल तसं." आणि गेली.

सहाचे विमान धरले असते तरी पत्नी गेली तेव्हा मी वाटेतच असतो. हे गणित मी खूपदा मांडले आहे. बरोबर आहे आणि काही कामाचे नाही, कारण मला तेव्हा ते माहीत नव्हते. तिकीट काढून आलेल्या हजारो लोकांचा विचारही मी केला नाही. हॉस्पिटलमधल्या तिच्या खोलीत जायची मला भीती वाटली, एवढेच. ड्रमच्या मागे बसले की पुढचे दोन तास काय करायचे हे ठरलेले असते. मला दुसरे काही करायचे नव्हते.

अंत्यविधी माझ्यासाठी थांबवला होता. त्यानंतर माणसे खाली दुकानात बसली होती. घड्याळबाई माझ्याबरोबर आली होती. लेकीने सगळ्यांसमोर तिला विचारले, "तुमच्याकडे तीन वाजले असताना मी फोन केला होता. तुम्ही बाबांना कधी सांगितलंत?"

घड्याळबाईने माझ्याकडे पाहिले. मी माझ्या बुटांकडे पाहत होतो. ती म्हणाली, "कार्यक्रम झाल्यावर."

लेक म्हणाली, "पुन्हा या घरात यायचं नाही." घड्याळबाईने पर्स उचलली आणि दाराची घंटी वाजू न देता बाहेर गेली. अकरा दिवसांनी मी दौऱ्यावर परत गेलो आणि उरलेले कार्यक्रम वाजवले. सगळे चांगले झाले. नंतर मला वाटले की कधीतरी रडू येईल, मग सांगेन. रडू आले नाही. उजव्या हाताची दोन बोटे मात्र बधिर झाली. मानेतली शीर दबते, ड्रमवाल्यांना होतेच, असे डॉक्टर म्हणाले.

वरील सर्व खरे आहे. घड्याळबाईचा काही दोष नाही.

कलम ७. माझी सर्वात मोठी झांज, चाळीस वर्षांची, एका कडेला चीर असलेली, घड्याळबाईला द्यावी. (हे कलम मी नंतर रद्द केले आहे. रेघ मारून बाजूला सही केली आहे.)

कलम ८. माझ्या अंत्यविधीला आमचे एकही गाणे लावू नये. गायकाला बोलू द्यावे, कारण तो तसाही बोलणारच. फक्त दहा मिनिटांनी त्याला कोणी खुर्ची द्यावी.

इथवर गेल्या मंगळवारी लिहून झाले. वरच्या गल्लीतले वकील हे मृत्युपत्र अमलात आणणार आहेत. त्यांना वाचायला दिले. सहाव्या कलमाशी ते थांबले. चष्मा काढून म्हणाले, "हे तुमच्या लेकीला मी वाचून दाखवायचं? तुम्ही गेल्यावर? ती प्रश्न कोणाला विचारणार?" मी म्हणालो, कलम कायद्यात बसत नसेल तर काढा. ते म्हणाले, कायद्याचं मी बोलतच नाहीये.

म्हणून लेकीला फोन केला. ती रविवारी सकाळी आली. या टेबलाच्या पलीकडच्या खुर्चीत बसली. मी सहाव्या कलमाची पाने तिच्यापुढे ठेवली. तिने एकदा वाचली, मग पहिल्या ओळीपासून पुन्हा. मला वाटले आरडाओरडा करेल. तिने विचारले, "आईला माहीत होतं?"

हे मी कलमात लिहिले नव्हते. मी सांगितले की हो. घड्याळबाई गेल्यावर मी स्टेडियमच्या ऑफिसातून पत्नीला फोन केला होता. तिनेच उचलला. आज कार्यक्रम करतो, उद्या निघतो, असे मी म्हणालो. ती म्हणाली, "बरं." मग म्हणाली, "गुडघ्याला पट्टा बांध." एवढेच बोलणे झाले.

लेकीने टेबलाच्या कडेवरून अंगठा फिरवला. मग म्हणाली, "मी तिथेच होते. खिडकीपाशी. कोणाचा फोन म्हणून विचारलं, तर म्हणाली दुकानाचा. कुठल्याशा गिऱ्हाइकाच्या चष्म्याच्या पट्ट्याचं विचारतायत. मला इतका राग आला बाबा. असल्या वेळी दुकानवाले फोन करतात. दुसऱ्या दिवशी मी दुकानातल्या बाईंना वाटेल ते बोलले."

बाईंनी काय उत्तर दिले, असे मी विचारले. ती म्हणाली, "काही नाही. चुकलं म्हणाल्या."

म्हणजे बाईंनी केलेलाच नाही असा फोन त्यांनी स्वतःवर घेतला. त्यांना कळले असणार, किंवा काहीही कळले नसेल आणि पोरीचा राग ओसरू दे म्हणून गप्प बसल्या असतील. त्या पंचवीस वर्षे खाली दुकानात आहेत, मी वर राहतो आणि हे मला माहीत नव्हते.

लेक उठली आणि खाली गेली. दुकान रविवारी अर्धा दिवस उघडे असते. पाऊण तास ती खाली होती. वर आली तेव्हा डोळे सुजलेले होते. मी पाणी दिले. ते तिने घेतले नाही. दारातूनच म्हणाली, "त्यांचा नंबर द्या." मी घड्याळबाईचा नंबर लिहून दिला. तो घेऊन ती गेली. मला काय वाटले ते इथे लिहिता आले असते तर बरे झाले असते.

सोमवारी मी स्वतः घड्याळबाईला फोन केला. चार वर्षांत पहिल्यांदा. सही गुरुवारी आहे, झांज तुझ्या नावावर केली आहे, एवढे सांगितले. साक्षीदार कोण, असे तिने विचारले. मी म्हणालो, लंबू एक, दुसरा अजून ठरायचा आहे. ज्याला मृत्युपत्रात काही मिळते त्याची साक्ष चालत नाही, म्हणून लंबूला लाल ड्रम मी आधीच देऊन टाकले आहेत. कलम ३ मधला तो भाग त्यामुळे गळाला आहे, तिथेही रेघ मारली आहे. ती ऐकून घेत होती. मग म्हणाली, "दादा, मला झांज नको. मी सही करायला येते. त्या सहाव्या कलमाखाली माझी सही हवी."

म्हणून कलम ७ रद्द.

आज ती वेळेच्या पाच मिनिटे आधी आली. केस पांढरे झाले आहेत. लंबूने तिला पाहिले आणि उभा राहिला, मग सहावे कलम त्याने उभ्यानेच वाचले. तो माझ्याशी अजून बोललेला नाही. कशाने आलीस, असे मी तिला विचारले. म्हणाली, "तुमच्या लेकीने आणलं. घरी आली होती न्यायला. वाटेत दोनदा गाडी थांबवली."

आणि ती कुठे आहे, असे मी विचारले.

"खाली गाडीत आहे. वर येणार नाही म्हणाली. पण तुमची सही होईपर्यंत थांबते म्हणाली."

हे मृत्युपत्र मी दोन्ही साक्षीदारांसमोर पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत मोठ्याने वाचले. सहावे कलम वाचताना माझा आवाज बसला. मला पाणी घ्यावे लागले. हेही नोंदवावे असे घड्याळबाई म्हणाली, म्हणून नोंदवले. प्रत्येक पानावर माझी सही आहे.

मृत्युपत्र करणार : (सही)

साक्षीदार पहिला : लंबू, गिटारवादक (सही)

साक्षीदार दुसरी : पूर्वी बँडची व्यवस्थापक, सध्या शाळेच्या सभागृहाची व्यवस्थापक (सही)

स्थळ : स्वयंपाकघर, चष्म्याच्या दुकानाच्या वर
दिनांक : अकरा ऑक्टोबर, गुरुवार, सकाळचे साडेदहा

सही झाल्यावर मी खिडकीतून खाली पाहिले. गाडी तिथेच आहे. इंजिन बंद आहे.