मी बाल्लारोत पोर्तुगीज कसा झालो

पालेर्मो,
बुधवार, दुपारची झोप मोडून

तीर्थस्वरूप प्रोव्हिदेन्साताईस,

धाकट्या गास्पारेचे दोन्ही गालांवर दोन आणि कपाळावर एक असे तीन मुके. तुझा गुडघा आता कसा आहे? तोरिनोच्या थंडीने तो कुरकुरतो असं तू लिहिलं होतंस. कुरकुरणारच; आपल्या घरातला कुठलाही अवयव गप्प बसणारा नाही. एत्तोरे भावोजींची कबुतरं परत आली का? आली नसतील तर माझ्या मते त्यांनी आता वाट पाहणं सोडावं, कारण ज्याला पंख आहेत तो तोरिनोत कशाला राहील (हे त्यांना वाचून दाखवू नकोस). इकडे माझी तब्येत उत्तम आहे. डॉक्टरांनी तळलेलं बंद केलंय आणि मी डॉक्टर बंद केलेत. ही सगळी हकिगत फोनवरही सांगता आली असती, पण तुला राग आला की तू फोन मधेच ठेवतेस. पत्रसुद्धा मधेच ठेवशील, पण ते ठेवलं तरी बोलत राहतं, आणि अर्ध्या तासाने पुन्हा उचलावंसं वाटतं. म्हणून पत्र.

तर तुझी आज्ञा होती, की तुझी लेक निंफा नोटरीच्या कचेरीतली पंख्याखालची नोकरी सोडून माझ्या माडीवर येऊन राहिली आहे आणि ‘सांस्कृतिक क्षेत्रात’ काम करते म्हणते, तर ते क्षेत्र नक्की कुठे आहे ते डोळ्यांनी बघावं, तुला कळवावं, आणि जमल्यास पोरीला ताळ्यावर आणावं. ताई, क्षेत्र माझ्या घरापासून पाच मिनिटांवर आहे. ते म्हणजे बाल्लारो. पोरगी रोज सकाळी पिवळी छत्री घेऊन बाहेर पडते, परदेशी पाहुण्यांना गोळा करते आणि आपल्या बाजारातून फिरवत त्यांना खायला घालते. त्याला ‘चवदर्शन’ म्हणतात. आपण लहानपणी हेच करायचो तेव्हा त्याला ‘टोपलीत हात घालू नकोस’ म्हणायचे. ताळ्यावर आणण्याच्या कलमाबद्दल पुढे लिहितो. पुढे म्हणजे बरंच पुढे.

गेल्या शनिवारी मी कॉफीत पाव बुडवत होतो तेव्हा निंफा जिना उतरून आली. चेहरा मैद्यासारखा पांढरा. कंपनीने त्या दिवशी पाहुण्यांत एक छुपा परीक्षक घातला होता. तो कोण ते तिला ठाऊक नव्हतं, आणि त्याचा शेरा वाईट आला तर छत्री परत द्यायची होती. त्यात किमान पाच पाहुणे लागतात, आणि पाचवा जो बेल्जियन गृहस्थ होता त्याने आदल्या दिवशी स्वतःच्या अकलेने ऑक्टोपस खाल्ला होता, तो हॉटेलात आडवा. “मामा,” ती म्हणाली, “तू पाचवा हो. पण तू माझा मामा नाहीस. नातेवाईक चालत नाहीत. आणि बाल्लारोचा माणूस बाल्लारो बघायला कशाला येईल?” (याचा मला राग आला. मी चौसष्ट वर्षं बघतोय, अजून पुरता बघून झालेला नाही.) मग ठरलं की मी पोर्तुगालचा. पोर्तुगालच का, तर बाकीच्यांत कुणी पोर्तुगीज नव्हता. अट एकच होती, तोंड फक्त खायला उघडायचं. ताई, तुला ठाऊक आहे, माझ्या तोंडाला अशी निम्मी रजा कधी मिळालेली नाही.

मी गवताची टोपी घातली, काळा चष्मा लावला आणि अर्धी चड्डी चढवली. माझ्या पोटऱ्यांनी सैन्यातून सुटल्यापासून ऊन पाहिलं नव्हतं. चौकात पोचेपर्यंत दोन माणसांनी त्यांच्याकडे बघून डोळ्यांवर हात धरला. पाहुणे जमलेले होते. ऑस्ट्रियाचं एक तरुण जोडपं, त्यांच्याबरोबर मुलीची आई वालबुर्गाबाई (सत्तरीच्या, कपाटाएवढ्या, मोडकंतोडकं इटालियन बोलणाऱ्या), आणि मिलानोचा एक किडकिडीत गृहस्थ, राखाडी कोट, हातात लहानशी वही. वही बघताच निंफाने माझ्याकडे बघितलं आणि मी तिच्याकडे. परीक्षक ठरला.

आता आमची चूक सांगतो. आम्ही सगळा विचार केला, फक्त बाजाराला सांगायचं राहिलं. पहिलंच दुकान आगोस्तिनाचं, ती अजून तिथेच चण्याच्या पिठाचे पानेल्ले तळते, तुझी चौकशीही करते. मला बघताच झारा वर करून म्हणाली, “गास्पारे, अरे काय हे पाय?” निंफाने छत्रीचं टोक तिच्या टोपलीवर आपटलं आणि गोड आवाजात सांगितलं, की हे गृहस्थ पोर्तुगालहून आलेत, यांना आपली भाषा येत नाही. आगोस्तिनाने क्षणभर माझ्याकडे बघितलं, क्षणभर तेलाकडे, आणि तिच्या चेहऱ्यावर जो आनंद पसरला तो मी तिच्या लग्नातही पाहिला नव्हता. मला तिने पानेल्ला दिला तो पावात घालून नव्हे, तर भरवून. “चावायचं,” ती ओरडून म्हणाली, “दातांनी.”

बाल्लारोत बातमी किती वेगाने पळते ते तुला सांगायला नको. तिसऱ्या दुकानापर्यंत आख्ख्या बाजाराला कळलं होतं की आज गास्पारे पोर्तुगीज आहे, आणि गेल्या साठ वर्षांत मी ज्याच्याशी म्हणून घासाघीस केली होती तो प्रत्येक जण रस्त्याकडेला येऊन उभा होता. कोळी कोझिमोने एक तारली शेपटीला धरून माझ्या नाकासमोर नाचवली. “हा मासा,” तो म्हणाला. “मा-सा. पाण्यात राहतो. तुमच्याकडे पाणी आहे का?” मी मान डोलावली. ऑलिव्हवाल्या म्हाताऱ्याने मला ऑलिव्ह कसं खायचं ते तीनदा शिकवलं, आणि बी मी नीट थुंकल्यावर लोकांनी टाळ्या वाजवल्या. माझा न्हावी दारात उभा राहून शेजाऱ्याला म्हणाला, “या पोर्तुगीज लोकांचे केस कोण कापतं रे? त्याला तुरुंगात घालायला हवं.” (गुरुवारी त्यानेच कापले होते.) मी दात दाखवत राहिलो. माझ्या पोटात इतकं उत्तर साठलं होतं की पानेल्ल्याला जागा कमी पडू लागली.

वालबुर्गाबाई मात्र रंगात आल्या होत्या. फ्रित्तोलावाल्याने टोपलीवरच्या फडक्याखाली हात घातला, काय निघेल ते निघो म्हणून वासराचं मूठभर उरलंसुरलं मांस काढलं, तर त्यांनी विचारलं, “आत काय आहे?” तो म्हणाला, “बाई, मलाही कधी बघायचं धाडस झालं नाही.” त्यांनी तीन वेळा घेतलं. पुढे पाणथरीचा, म्हणजे प्लीहेचा, पाव विकणाऱ्याशी आलो. त्याने पद्धतीप्रमाणे विचारलं, कुमारी की लग्न झालेली? म्हणजे नुसती, की वर चीज घालून. निंफा अर्थ सांगायच्या आत वालबुर्गाबाई म्हणाल्या, “लग्न झालेलं. दोनदा. दोघेही गेले.” पाववाल्याने क्षणभर विचार केला, चीज दुप्पट घातलं आणि पाव त्यांच्या हातात देताना टोपी काढली. जावईबापू या सगळ्या वेळात फक्त लिंबाचं सरबत पीत होते आणि सासूबाईंकडे भीतीने बघत होते.

आणि तो मिलानोवाला काहीच खात नव्हता. प्रत्येक दुकानाशी वाकायचा, बघायचा, वहीत दोन शब्द लिहायचा. निंफाचा आवाज दर शब्दागणिक बारीक होत चालला. कार्मिने चर्चच्या घुमटाखालच्या चौकात आल्यावर त्याने वही मिटली आणि विचारलं, “तुम्ही म्हणता हा बाजार शेकडो वर्षं जिवंत आहे. इमारती जुन्या आहेत, हे दिसतं. पण बाजार जुना आहे, याला पुरावा काय?”

ताई, पोरीला उत्तर पाठ होतं. माडीवर ती रोज ते भिंतीला सांगते, मला झोपेत म्हणता येईल. पण तिचं तोंड उघडलं आणि आतून काहीच आलं नाही. छत्री हळूहळू खाली आली. कोझिमोने चाकू थांबवला. आगोस्तिना झारा घेऊनच मागे आली होती, तिने तो खाली केला. बाल्लारो गप्प झालेला मी जन्मात दुसऱ्यांदा पाहिला. पहिल्यांदा पापा गेले तेव्हा. निंफाचा खालचा ओठ थरथरत होता, अगदी तुझा थरथरायचा तसा. मामा म्हणून जे करायचं ते मी केलं.

इथे जरा पाणी पी.

मी टोपी काढली आणि म्हणालो, “पुरावा मी देतो.” पालेर्मोच्या बोलीत, आपल्या गल्लीच्या. मिलानोवाला म्हणाला, “तुम्ही पोर्तुगीज ना?” मी म्हणालो, “आईकडून पालेर्मोचा.” आणि मग बोलत सुटलो. सांगितलं, की तुम्ही उभे आहात त्याच फरशीवर माझ्या बापाची लिंबांची हातगाडी उभी राहायची, त्याआधी त्याच्या बापाची, आणि गाडीवर, लिंबांच्या ढिगामागे, बारा वर्षांची एक मुलगी उभी राहून अशी आरोळी द्यायची की मासे विकत घ्यायला आलेली माणसं लिंबं घेऊन घरी जायची आणि बायकोच्या शिव्या खायची. दहा वर्षं तिच्यासमोर या बाजारात दुसऱ्या कुणाचा आवाज लागला नाही. बाजार म्हणजे दगड नव्हेत साहेब, म्हटलं, बाजार म्हणजे कोण कुणाला काय ओरडून गेलं ते. आणि ती मुलगी कोण तेही सांगितलं. तुझं नाव घेतलं.

मला ठाऊक आहे. पंचेचाळीस वर्षांपूर्वी, स्टेशनवर, गाडीच्या खिडकीतून तू माझ्याकडून शपथ घेतली होतीस. तोरिनोत पापा ‘लिंबांच्या निर्यातीत’ होते हे मला ठाऊक आहे. भावोजींच्या मातोश्रींसमोर मी स्वतः एकदा त्या निर्यातीचं वर्णन करताना बोटीही घातल्या होत्या. शपथ मोडली. पण तू निंफाचा चेहरा पाहिला नाहीस. ती म्हणाली, “मामा, हे खरं आहे?” (इथे पोर्तुगालचा प्रश्न निकालात निघाला.) मी काही बोलायच्या आत आगोस्तिनाने तुझी आरोळी सुरू केली आणि नेहमीप्रमाणे दुसऱ्या ओळीत चुकली. ऑलिव्हवाल्या म्हाताऱ्याने ती सुधारली. मग कोझिमो, न्हावी, पाववाला, सगळे: “लिंबं घ्या लिंबं, नवरा रुसला तर सरबत करा, सासू रुसली तर नुसतीच पिळा.” निंफाने एकदा ऐकलं, दोनदा ऐकलं, छत्री मिटली, एका पेटीवर चढली आणि तिने ती आरोळी दिली.

ताई, आवाज तुझा आहे. तो नोटरीच्या कचेरीत कागदांखाली दडून बसला होता. तिसऱ्या माळ्यावरच्या बायका खिडकीत आल्या. म्हाताऱ्याने डोळे पुसले आणि कांद्याला दोष दिला; त्याच्या दुकानात कांदे नसतात. जावईबापू ‘सासू रुसली तर’चा अर्थ कळल्यावर पहिल्यांदा हसले, आणि वालबुर्गाबाईंनी त्यांच्याच सरबतातलं लिंबू घेऊन त्यांच्या डोक्यावर पिळलं. शेवटी आम्ही त्या मिलानोवाल्याकडे बघितलं. तो म्हणाला, “मी जनावरांचा डॉक्टर आहे. मला हे खाता येत नाही, कारण मला प्रत्येक तुकडा ओळखू येतो. पण आज फार बरं वाटलं.” त्याच्या वहीत फक्त अवयवांची नावं होती.

तर हे असं झालं. पोरगी ताळ्यावर यायची नाही, असं माझं प्रामाणिक मत बनलं आहे. तिचं क्षेत्र बघून ती तिथे शोभते असं कळवतो. रागावू नकोस, रागावलीस तर गुडघा जपून रागाव. भावोजींना नमस्कार, आणि त्यांच्या कबुतरांना, असल्यास.

तुझा शपथभंग केलेला धाकटा भाऊ,
गास्पारे

ता. क. परीक्षक वालबुर्गाबाई होत्या. कंपनी त्यांना दरवर्षी मुलगी-जावयासह पाठवते. शेरा असा आहे: ‘मार्गदर्शक सुरुवातीला घाबरलेली, शेवटी अप्रतिम. पोर्तुगीज गृहस्थ कायम ठेवावेत.’ त्यामुळे आता दर शनिवारी मी पुन्हा पोर्तुगीज असणार. न्हाव्याने नवे टोमणे तयार ठेवलेत.

दुसरा ता. क. या पत्राचं खरं कारण हे, की कंपनीने पत्रकं छापून टाकली आहेत. त्यात म्हटलं आहे, की पुढल्या महिन्यातल्या पहिल्या रविवारी बाल्लारोतली मूळ लिंबूवाली स्वतः हजर राहील. मी नको म्हणालो होतो (हळू आवाजात). पत्रकं हॉटेलांत वाटून झाली. आगोस्तिनाने तुझ्यासाठी हातगाडी रंगवायला घेतली आहे, हिरवी. तू ये. भावोजींना काहीही कारण सांग, गुडघ्याला ऊन हवंय म्हणून सांग.

तिसरा ता. क. पाकीट चिकटवलं होतं ते पुन्हा उघडतोय. भावोजींना काही सांगू नकोस. निंफाने आत्ताच त्यांना फोन करून सगळं सांगून टाकलं. ते म्हणाले, की त्यांना लग्नाच्या पहिल्या रात्रीपासून ठाऊक आहे. तू झोपेत लिंबं विकतेस, आणि त्या पहिल्या रात्री त्यांनी घाबरून तीन डझन मागितली होती. मग इतकी वर्षं आईला, म्हणजे तुला, तसं सांगितलं का नाही, असं निंफाने विचारलं. तर म्हणाले, “सांगितलं असतं तर तिने ओरडणं थांबवलं असतं. मग मला झोप कशी लागली असती?”