सहावं बोट

ता. ३ फेब्रुवारी

चि. भिंगरीस आजीचे पोटभर आशीर्वाद.

वि. वि. तुझं पत्र पोचलं. पोस्टमन लांबून दिसला तरी माझ्या गुडघ्यांना पंख फुटतात बघ. तू वकिलाच्या कचेरीत कायम झालीस हे वाचून मी खोल्यांच्या सगळ्या ओळीला सांगत सुटले. न्हाव्याने तर एका गिऱ्हाइकाला अर्ध्या दाढीवर बसवून ठेवलं आणि माझं सगळं ऐकून घेतलं. फोन करत जा म्हणतेस, पण फोनवर मला निम्मं ऐकूच येत नाही. पत्र कसं, चष्मा पुसून चारदा वाचता येतं.

आता खरं सांगते. बंदरवाल्यांना आमच्या खोल्यांची जागा हवी झालीय. दारादारावर नोटीस चिकटवलीय. बारा वर्षांपूर्वीच्या जूनच्या आधीपासून इथे राहतोय असा कागद जो दाखवेल त्याला पलीकडे नवी खोली. जे परमुलखातून आले आणि ज्यांच्याकडे कागद नाही, त्यांनी बेटच सोडायचं. माझं तुझ्या आजोबांच्या गोदीतल्या नोकरीच्या कागदावर निभावलं. पण शेजारच्या जाळीवालीचं काय? मच्छीमारांची फाटकी जाळी सांधते ती गं. तिच्याकडे कपटासुद्धा नाही. खोलीमालकाने जन्मात कधी पावती दिली नाही आणि आता तर तो मेलाच. न्हाव्याचंही तसंच.

तिच्या मुलखात तिला ओळखणारं कुत्रंसुद्धा उरलं नाही. माझी कंबर धरली होती तेव्हा महिनाभर तिनेच माझी वेणी घातली. एकमेकींची भाषा धड येत नाही, तरी इतकी वर्षं भांडतोय, कुठे काही अडलं नाही. सुनावणी २६ तारखेला आहे. काहीतरी वाट काढ बाई.

लोभ आहेच, तो आटू देऊ नकोस.
तुझी आजी

ता. ९ फेब्रुवारी

ती. आजीस सा. न.

वि. वि. वाट सापडली आहे, पण काट्यांची आहे.

आईबरोबर मी इकडे आले तेव्हापासूनची तुझी सगळी पत्रं बिस्किटांच्या डब्यात पाकिटांसकट आहेत. कुणाच्या छपरातून गळतं, कोण कुणाशी अबोला धरून आहे, सगळं त्यात आहे. आमच्या वकीलबाईंना दाखवली. त्या म्हणाल्या की पाकिटावर बेटाच्या पोस्टाचा शिक्का आहे, तारीख आहे, तेव्हा हा पुरावा धरतील. मी आनंदाने उडीच मारली.

मग रात्रंदिवस चाळत बसले. जाळीवालीचा उल्लेख साठ-सत्तर पत्रांत आहे. पण त्या जूनच्या आधीचं पत्र एकच. ते वाचताना माझे कान तापले, आजी. जसंच्या तसं उतरवते. ‘शेजारी एक बाई राहायला आली. कुठल्या मुलखाची घाण कोण जाणे. डाव्या हाताला सहा बोटं आहेत. असल्यांचा पायगुण वाईट. तू सुट्टीत आलीस की तिच्या हातचं पाणी पिऊ नकोस.’

तू तिचं नाव कुठेच लिहिलेलं नाहीस. ती बाई हीच, हे त्या सहा बोटांवरूनच ठरणार. सुनावणीत पत्र पूर्ण वाचतात, आणि दुभाष्या ते सगळ्यांना समजावून सांगतो. तीही समोर असेल. पाठवू का? लगेच कळव, पोस्टाला पाच दिवस लागतात.

तुझीच
भिंगरी

ता. १४ फेब्रुवारी

चि. भिंगरीस अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र वाचलं आणि आधी तुझ्यावरच चिडले. म्हटलं, ही पोर काहीतरी मनचं लिहितेय, मी असलं लिहिणारच नाही. मग पुन्हा वाचलं. ‘पायगुण’ म्हटल्यावर कळलं, हा शब्द माझाच. माझ्या सासूकडून आलेला. ती मलाही तेच म्हणायची.

तू पाटीवर गिरवून घेऊन मला अक्षरं शिकवलीस. केवढा आनंद झाला होता मला, आणि त्या आनंदात मी लिहिलं काय, तर हे!

त्या ओळींवर शाई सांडली तर, असं एकदा मनात आलं. पण बोटं राहतील आणि घाण तेवढी जाईल अशी शाई कुठे मिळते? वर आणि तू कायद्याच्या घरातली, तुला खोटेपणा करायला लावू कशी. काल जाळीवाली भांड्यांची पिशवी बांधत होती. नंतर म्हणाली, नकोच, जड होईल, आणि सगळी भांडी मलाच देऊन गेली. पाच पातेली आणि एक झारा माझ्या ओट्यावर पडलाय. त्यांच्याकडे बघवत नाही.

पाठव. न्हाव्याचं काही सापडतंय का तेही बघ. माया आहे तशीच असू दे.
आजी

ता. १८ फेब्रुवारी

ती. आजीस सा. न.

ते जुनं पत्र रजिस्टरने धाडलंय, सही करून घे. न्हाव्यासाठी डबा दोनदा उपसला. तो पहिल्यांदा येतो तो त्या ऑगस्टमध्ये. दोन महिन्यांनी हुकलं गं.

एक कबुली देते. त्या सुट्टीत मी तिच्या हातचं पाणी प्यायले होते, रोज. तुझ्या चोरून. ती बोटं मोजून दाखवायची आणि सहाव्याने मला गुदगुल्या करायची.

सुनावणीआधी तूच तिला सांग. दुभाष्याच्या तोंडून ऐकायला लावू नकोस.

तुझी भिंगरी

ता. २८ फेब्रुवारी

चि. भिंगरीस अनेक आशीर्वाद.

पत्र वेळेवर पोचलं. तिला मी सांगितलं नाही. तीनदा तिच्या दारात गेले. एकदा मीठ मागून आले, एकदा गुडघ्याचं रडगाणं गायले, आणि तिसऱ्यांदा तिनेच मला बसवून माझी वेणी घातली. मान तिच्या हातात असताना कसं बोलणार, सांग.

सुनावणीला कचेरीत सगळी ओळ बाकांवर बसली होती. दुभाष्याने आधी साहेबाच्या भाषेत वाचलं, मग न्हाव्याच्या, मग तिच्या. तीन भाषांत माझी लाज निघाली. साहेबाने तिला डावा हात वर करायला सांगितलं. ती कळत नसल्यासारखी बसून राहिली. मग केला वर. साहेबाने पेनाने बोटं मोजली. सहा भरली, शिक्का पडला. तिला खोली मिळाली.

न्हावी पुढच्या सोमवारी बोटीने जातोय. त्याला म्हटलं, इतकी बडबडी मी, दोन महिने आधी तुझ्यावर एक ओळ लिहिली असती तर. तो म्हणाला की बरं झालं आजी, काय लिहिलं असतंत कोण जाणे. हसला, आणि मला रडू आवरेना.

तिने वाटेत माझ्याकडे पाहिलं नाही. काल मी तिची पाचही पातेली आणि झारा घेऊन गेले. खाली ठेवली आणि तिच्या भाषेत मला येतो तो एकच शब्द म्हटला, पाणी. कितीतरी वेळ मला उभं ठेवलंन. मग उजव्या हातात आलेलं भांडं तिने डाव्यात घेतलं आणि पुढे केलं. मी एका दमात प्यायले, हनुवटीवरून ओघळलं तरी थांबले नाही. ती माझ्या घशाकडे बघत होती. भांडं घेतलं आणि दार लावून घेतलं.

आज माझे केस तसेच मोकळे आहेत. उद्या पुन्हा पाणी मागायला जाणार आहे.

हेही पत्र पाकिटासकट जपून ठेव. तुझा लोभ मला पुरतो, पण आता त्यातला थोडा तिच्यासाठी वेगळा काढ.
तुझी आजी