नाल्यात पुरलेलं रीळ

१४ नोव्हेंबर

प्रिय ताई,

नमस्कार. मी बरी आहे, आईचा खोकला उतरलाय, मोरीचा पाइप अजून गळतोच आहे. खुशालीचं एवढं पुरे.

स्पर्धेत फिल्म दाखवली. तू म्हणाली होतीस, एकदा लोकांना कळू दे भावजी कामाला आहेत त्या कारखान्यातून नाल्यात काय सोडतात ते. त्यासाठीच मी शूट केलेलं रीळ त्या नाल्याच्या गाळात पुरून ठेवलं होतं. रंगाच्या पाण्याने फिल्मचा थर खाल्ला, चित्रावर जांभळे-हिरवे ओघळ आले. मला वाटलं, जे पाणी फिल्म खातं ते माणसाचं काय करत असेल हे शेंबड्या पोरालाही कळेल. कसलं काय. दिवे लागल्यावर पहिल्या रांगेतल्या बाई म्हणतात, "काय सुंदर रंग आलाय हो, मला अस्सेच पडदे हवेत." परीक्षक म्हणे, ही तर कविताच आहे. बक्षीसही मलाच जाहीर केलं.

पुढचं ऐक. भावजींच्या मालकांनी त्यातली चित्रं मोठी करून मागितलीत, ऑफिसच्या दर्शनी भिंतीवर लावायला. बक्षीस समारंभाचा खर्चही तेच करताहेत. पुढच्या शनिवारी त्यांच्याच हातून हार घालून घ्यायचा. किळस येते गं. त्यांची, त्या टाळ्यांची, आणि टाळ्या ऐकून जी आतून जराशी सुखावले, त्या माझीही.

तू विचारलं होतंस, तुझे हात पडद्यावर कसे दिसले. प्रत्येक पत्रात मी इकडचं तिकडचं लिहून वेळ मारून नेली. नाही दिसले. मी ते काढून टाकले. भावजी माझ्या खोलीवर आले होते, तुला न सांगता. खुर्चीच्या कडेवर बसून म्हणाले, "हिचे हात तेवढे काढ. मालक त्यांनीच दिलेल्या अंगठीवरून ओळखतील. नोकरी जाईल, क्वार्टर जाईल." त्यांच्याकडे बघवेना. मी हो म्हटलं. माणूस वाईट नाही, भित्रा आहे. तुझ्या हातांना मलमही तेच लावून देतात ना?

तो शॉट माझ्याकडे आहे. नाल्यात न पुरलेला, साधा. नाल्याचं पाणी झिरपतं त्या मागच्या विहिरीच्या पाण्याने तू भांडी घासतेयस, बोटांची सालं निघालेली, आणि मधेच मला म्हणतेस, "जवळ ये, लांबून काय कळणार?" शनिवारी बक्षिसाच्या फिल्मऐवजी मला तेवढाच लावायचाय, मालक समोर बसलेले असताना. मग काय होईल ते भावजींनी सांगितलंच आहे, आणि ते खोटं नाही.

हात तुझे, घरही तुझं. तेव्हा तूच ठरव. शुक्रवारच्या आत फोन कर. तूच कर. भावजींच्या तोंडून आलेला निरोप मी धरणार नाही.

तू नको म्हणालीस तर मी स्टेजवर जाईन, हार घालून घेईन, फोटोत हसेनसुद्धा. मला ते जमेल, याचीच जास्त शिसारी येते.

तुझ्या उत्तराची वाट बघणारी, आणि त्याला भिणारीही,
तुझी धाकटी