धाकट्याचा उजवा खांदा

४ एप्रिल, सोमवार
नाही म्हणायला हवं होतं. तिथल्या तिथे! संपादकसाहेब म्हणाले, "या शनिवारी तुमच्या भावाच्या सामन्याचाही अंदाज हवा. लोक तुमचाच कॉलम वाचतात." आठ वर्षं मी धाकट्याच्या संघावर अंदाज लिहिलेला नाही – माझाच नियम. पण सलग सहा निकाल बरोबर आलेत ना, डोक्यात हवा गेलीये. "बघते," म्हणाले. माझं बघते म्हणजे हो, हे साहेबांना बरोब्बर कळतं.

५ एप्रिल, मंगळवार
आईकडे जेवायला. धाकट्याने पाण्याचा तांब्या डाव्या हाताने उचलला. वरच्या फळीवरचा डबाही डाव्यानेच काढला. मी नुसतं बघितलं तर डोळे वटारले! मग स्वयंपाकघरात गाठून म्हणाला, "खांदा गेलाय, ताई. कोचला माहीत नाही, आईलाही नाही. शनिवारी हरलो तर संघ खालच्या गटात जातो गं. एवढा एक सामना खेळू दे." मी म्हटलं, "मी कशाला कोणाला सांगू?"

निघताना नेहमीचा प्रश्न, शाळेपासूनचा – "ताई, किती?" म्हणजे त्याच्यावर किती गोल होणार. माझं उत्तरही शाळेपासूनचं. "शून्य!" माझा कॉलम तो वाचत नाही. म्हणतो, तू तोंडाने सांगतेस तेवढं पुरे.

७ एप्रिल, गुरुवार
पाठवला. पराभव, ०–२. का, तेही लिहावं लागतं, नुसता आकडा कोणी छापत नाही. परत वाचला तर अगदीच पुचाट वाटला, म्हणून एक वाक्य घातलं: "गोलकीपर हल्ली उजवीकडे उशिरा झेपावतो." खांदा हा शब्द लिहिला नाही. फार मोठे उपकार केले!

साडेसहाला ते वाक्य काढा म्हणून सांगायला फोन केला. साहेबच आधी म्हणाले, "ते उजवीकडचं काय पकडलंत हो!" आणि मी "थँक्यू" म्हणून फोन ठेवला. कौतुकाला हपापलेली मेली.

८ एप्रिल, शुक्रवार
छापून आलं. धाकट्याचा फोन नाही. मीही केला नाही.

९ एप्रिल, शनिवार
आपण १–० ने पुढे. शेवटची चार मिनिटं – आणि त्यांना पेनल्टी! त्यांचा स्ट्रायकर चेंडू ठेवतानाच धाकट्याच्या उजव्या कोपऱ्याकडे बघत होता. वाचलंय मेल्याने! मारला तोही तिकडेच, खाली. पण धाकटा आधीच झेपावला होता. अडवला! सगळं मैदान उठून उभं राहिलं. तो उठला नाही.

अंदाज चुकल्याचा इतका आनंद मला कधी झाला नव्हता. जेमतेम पाच सेकंद टिकला.

१० एप्रिल, रविवार
ऑपरेशन झालं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "जेवता येईल, लिहिता येईल. गोलमध्ये उभं राहणं मात्र विसरा." आईने मला विचारलं, "तुला तरी माहीत होतं का गं?" मी पाणी आणायला उठले.

१२ एप्रिल, मंगळवार
सगळं कबूल करायचं ठरवून गेले. मी तोंड उघडायच्या आत तोच म्हणाला, "पहिल्यांदा वाचला तुझा कॉलम! त्याने उजवीकडेच मारावा म्हणून टाकलंस ना ते वाक्य? मी लगेच ओळखलं, म्हणून तर आधीच झेपावलो. आणि शून्य – म्हणाली होतीस तसंच! काय डोकं आहे गं ताई तुझं!"

मी हो म्हणाले.